तिकीट मोबाइलमध्ये, प्रेक्षक दाराबाहेर

फातोर्ड्याच्या जवाहरलाल नेहरू क्रीडांगणाकडे सामन्याच्या सायंकाळी लोटणाऱ्या गर्दीच्या हातांकडे पाहिले, तर गेल्या दहा-बारा वर्षांत काय पालटले ते चटकन ध्यानात येते. पूर्वी त्या हातात कागदाचा तुकडा असे. दारावरचा माणूस त्याचा अर्धा भाग फाडून घेई आणि उरलेला अर्धा घडी होऊन खिशात राही. पुढे कित्येक महिन्यांनी तो विजाराच्या खिशात सापडला म्हणजे कोणी गोल केला होता यावर घरात वाद रंगे. आज त्याच हातात उजळलेला मोबाइल असतो. १९८९ मध्ये हे क्रीडांगण उभे राहिले तेव्हा तिकीट म्हणजे खिडकी आणि खिडकी म्हणजे रांग, एवढेच समीकरण सासष्टीतल्या फुटबॉलवेड्यांना ठाऊक होते. २०१४ साली इंडियन सुपर लीग सुरू झाली, एफसी गोवा हा संघ फातोर्ड्यावर खेळू लागला, आणि तिकीटविक्रीचा मुख्य ओघ खिडकीवरून हळूहळू संगणकाच्या जाळ्याकडे वळला.

या बदलास आमचा विरोध नाही. जुन्या व्यवस्थेच्या आठवणी काढून उसासे टाकण्यासारखे तीत काही फारसे नव्हतेच. उन्हात तीन-तीन तास ताटकळावे, आणि आपला नंबर आला की खिडकीचे दार धाडकन लागावे, तेवढ्यात बाजूच्या झाडाखाली कोणी तेच तिकीट दुपटीने विकत असावे, हा अनुभव ज्यांनी घेतला त्यांना त्या काळाचे गोडवे गाण्याचे कारण नाही. आमचे म्हणणे एवढेच की, मोबाइल हे क्रीडांगणाचे एक दार असावे. एकमेव दार असू नये. आणि हे म्हणणे केवळ हळवेपणातून आलेले नसून, जगात इतरत्र जे घडले त्याच्या आधारावर उभे आहे.

प्रथम ही यंत्रणा चालते कशी ते पाहू. मोबाइलच्या पडद्यावर दिसणारा काळ्या-पांढऱ्या ठिपक्यांचा चौकोन, ज्याला सर्वजण क्यूआर कोड म्हणतात, तो १९९४ मध्ये जपानमधील डेन्सो वेव्ह या कंपनीने मोटारींच्या सुट्या भागांची मोजदाद ठेवण्यासाठी तयार केला. त्या चौकोनात तिकिटाचा क्रमांक दडलेला असतो. दारावरचे यंत्र तो वाचते, मुख्य नोंदवहीशी ताडून पाहते आणि तो क्रमांक ‘वापरला’ म्हणून खूण करते. त्यानंतर त्याच क्रमांकाचा दुसरा इसम आला की दार उघडत नाही. म्हणजे एकाच तिकिटाचे छायाचित्र चार मित्रांनी वाटून घेतले, तर जो पहिला पोचेल तो आत आणि उरलेले तिघे बाहेर; मग खरा खरेदीदार त्या तिघांतला असला तरी यंत्राला त्याचे सोयरसुतक नाही! या फसवणुकीवर तोड म्हणून काही परदेशी कंपन्यांनी दर काही सेकंदांनी बदलणारा चौकोन आणला. त्याचे छायाचित्र काढून ठेवून भागत नाही. ॲप उघडे असावे लागते, फोन चालू असावा लागतो, आणि तिकीट घरून निघण्यापूर्वीच फोनमध्ये उतरवून घेतलेले बरे असते. सुरक्षितता वाढली खरी. परंतु ती वाढवण्याचा भार मात्र प्रेक्षकाच्या खांद्यावर आला. पूर्वी तिकीट खरे आहे की खोटे हे पाहणे दारावरच्या माणसाचे काम होते. आता आपण पैसे भरले आहेत हे सिद्ध करण्याची जबाबदारी प्रेक्षकाच्या फोनवर, त्यातल्या विजेवर आणि त्या घटकेला मिळणाऱ्या नेटवर्कवर आहे.

या व्यवस्थेचे गुण नाकारता येत नाहीत, हेही स्पष्ट सांगितले पाहिजे. २२ सप्टेंबर २०२२ रोजी हैदराबादमध्ये भारत-ऑस्ट्रेलिया क्रिकेट सामन्याची तिकिटे जिमखाना मैदानावर खिडकीवरून विकण्यात आली. हजारो लोक लोटले, चेंगराचेंगरी झाली, पोलिसांनी लाठ्या चालवल्या, माणसे जखमी झाली. तिकीट घरबसल्या मिळाले असते तर त्यांतील कोणासही रुग्णालय गाठावे लागले नसते. त्याच वर्षी २८ मे रोजी पॅरिसजवळ झालेल्या युरोपीय अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात लिव्हरपूलच्या प्रेक्षकांच्या हाती कागदी तिकिटे होती. बाहेर गोंधळ माजला, अश्रुधूर सोडण्यात आला आणि सामना अर्ध्या तासाहून अधिक उशिरा सुरू झाला. फ्रान्सच्या गृहमंत्र्यांनी तीस-चाळीस हजार प्रेक्षक खोटी तिकिटे घेऊन किंवा तिकिटाविनाच आले होते असे ठासून सांगितले. दारांवर प्रत्यक्ष आढळलेल्या खोट्या तिकिटांची संख्या अडीच हजारांच्या आसपास निघाली. पुढे स्वतंत्र चौकशी समितीने मुख्य दोष प्रेक्षकांवर नव्हे, तर आयोजक संस्थेवर ठेवला. कागदाचे तिकीट सदोष होते, यात शंका नाही. पण त्या सायंकाळी अधिक सदोष होती ती माणसांची आखणी.

कागद नाहीसा केला म्हणजे प्रश्न मिटतो, असे मानणाऱ्यांनी त्यानंतर अवघ्या सहा महिन्यांनी कतारमध्ये काय झाले ते आठवावे. २०२२ च्या विश्वचषकाची तिकिटे मोबाइलवरील ॲपमध्ये होती. २१ नोव्हेंबर रोजी इंग्लंड आणि इराण यांच्यातील सामन्याआधी ते ॲपच कोलमडले. शेकडो प्रेक्षक खलिफा क्रीडांगणाबाहेर आपापल्या फोनकडे पाहत उभे राहिले. काहींचा सामन्याचा आरंभ हुकला. पैशाला तोटा नाही, तंत्रज्ञांना तोटा नाही, अशा त्या आयोजकांनी शेवटी काय केले? अडलेल्या प्रेक्षकांच्या हाती कागदाची तिकिटे दिली. या घटनेतून घ्यावयाचा बोध साधा आहे: ज्यांच्याजवळ कागदाची पर्यायी सोय तयार होती, त्यांचे निभावले. ती सोयच नसती तर?

आपल्या फातोर्ड्याचा विचार करू. २०१४ च्या लुसोफोनिया क्रीडास्पर्धांच्या निमित्ताने नूतनीकरण झाल्यावर तेथे सुमारे एकोणीस हजार प्रेक्षक बसू शकतात. एवढे फोन एका तासाच्या अवधीत एकाच चौकात जमले की नेटवर्क गुदमरते, हे अनुभवास येण्यास तंत्रज्ञ असण्याची गरज नाही. त्यातच चौघांची तिकिटे एकाच्या फोनवर असतात. तो एकटा फोंड्याहून येत असतो आणि त्याची बस वाटेत अडकते. उरलेले तिघे दारासमोर, आपली जागा ठरलेली, पैसे भरलेले, आणि हाती मात्र काही नाही. एखाद्या वयस्क गृहस्थाचे तिकीट मुलाने दुबईहून काढून धाडलेले असते. ते व्हॉट्सॲपच्या कोणत्या कोपऱ्यात आहे हे शोधताना मागची रांग ओरडू लागते, आणि ते गृहस्थ ओशाळून बाजूला होतात. गोव्याने फुटबॉल जोपासला तो अशाच माणसांनी. वास्कोचे टिळक मैदान, पणजीचे बांदोडकर मैदान, गावोगावच्या कापणी झालेल्या शेतांवरचे सामने यांना त्यांनी गर्दी केली म्हणून पुढे या राज्यात व्यावसायिक फुटबॉल टिकू शकला. त्यांना दारावर लाज वाटावी अशी व्यवस्था करणे हा व्यवहाराच्या दृष्टीनेही शहाणपणा नव्हे. एकदा परत गेलेला असा प्रेक्षक सहसा पुन्हा येत नाही, तो घरी दूरदर्शन संचासमोर बसतो.

ही अडचण किनारपट्टीपुरतीही नाही. जेथे मराठी माणूस मोठ्या क्रीडांगणापासून दूर राहतो, तेथे ती अधिक बोचते. मध्य प्रदेशातील पांढुर्णा आणि सौंसर हा भाग घ्या. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जांब नदीत होणाऱ्या गोटमारीमुळे पांढुर्ण्याचे नाव आमच्या वाचकांच्या कानी आलेले असेल. २०२३ मध्ये या दोन्ही तालुक्यांचा मिळून वेगळा पांढुर्णा जिल्हा झाला. राज्य मध्य प्रदेश असले तरी घरातली भाषा पुष्कळांची मराठी आणि बाजारहाट, दवाखाना, शिक्षण यांसाठीचे मोठे शहर नागपूर. तेथील तरुणास मोठा सामना पाहावयाचा तर जावे लागते नागपूरच्या जामठा क्रीडांगणावर. फुटबॉलचे तेवढे मोठे मैदान त्या बाजूस नाही, सामना क्रिकेटचा असतो, परंतु तिकिटाचा प्रश्न तोच. क्रिकेटच्या कित्येक केंद्रांवर तर एक विचित्र मध्यम मार्ग काढलेला आढळतो: तिकीट मोबाइलवर विकत घ्यावयाचे आणि मग सामन्याआधी शहरातल्या खिडकीवर जाऊन त्याचा कागद करून आणावयाचा! असा नियम जेथे असेल तेथे शहरात राहणाऱ्यास एक फेरी पडते, आणि शंभरेक किलोमीटरवरून येणाऱ्यास दोन प्रवास. दोन्ही व्यवस्थांचे दोष एकत्र करून गुण मात्र कोणाचाच न घेण्याचे हे कसब वाखाणण्यासारखे आहे.

मात्र पांढुर्ण्याच्या याच माणसास एक सार्वजनिक व्यवस्था मोबाइलवर तिकीट देते आणि ती बऱ्यापैकी चालते. ती म्हणजे रेल्वे. पांढुर्णा हे नागपूर-इटारसी मार्गावरचे स्थानक. सौंसरही नागपूर-छिंदवाडा मार्गावर आहे, तेथली जुनी अरुंद रेल्वे २०१५ मध्ये बंद होऊन पुढे रुंद मार्ग आला. अनारक्षित डब्याचे तिकीट मोबाइलवर काढण्याची सोय रेल्वेने २०१४ मध्ये मुंबईच्या उपनगरी मार्गावर प्रथम केली आणि २०१८ पर्यंत ती देशभर नेली. तिचे नियम कडक आहेत. फोन बंद पडला आणि तिकीट दाखवता आले नाही, तर प्रवासी विनातिकीट ठरतो. तपासनीस दिसताच घाईने तिकीट काढणाऱ्या चतुर मंडळींसाठी रुळांजवळ उभे राहून असे तिकीट काढण्यावरही बंदी घातली गेली. पण एवढे करताना रेल्वेने स्थानकावरची खिडकी बंद केली नाही. ज्याच्याजवळ साधा फोन आहे, किंवा फोनच नाही, तो आजही रोख पैसे देऊन कागदी तिकीट घेतो आणि त्याच डब्यात, त्याच बाकावर बसतो. रोज कोट्यवधी प्रवासी वाहणाऱ्या खात्यास जे जमते, ते पंधरवड्यातून एकदा एकोणीस हजार माणसे आत सोडणाऱ्या संघास न जमण्याचे कारण काय, हे कोणी समजावून सांगेल काय?

कोणी म्हणेल, दारावर थोडा खोळंबा झाला तर एवढा गहजब कशाला. ४ जून २०२५ रोजी बंगळुरूच्या चिन्नास्वामी क्रीडांगणाबाहेर विजयोत्सवासाठी जमलेल्या गर्दीतील अकरा जण चेंगरून मेले. प्रवेश मोफत आहे ही बातमी फोनाफोनीने शहरभर पसरली. त्यासाठी पास लागतो आणि ते मोजकेच आहेत, ही अर्धी बातमी मागे राहिली. जी साधने माणसांना दारापर्यंत क्षणात आणतात, ती दारावर त्यांना सावरत नाहीत. २०२४ च्या जुलैत मायामीत कोपा अमेरिका स्पर्धेच्या अंतिम सामन्यासाठी तिकीट नसलेल्यांनी दारे रेटली आणि सामना जवळपास दीड तास लांबला. रीतसर तिकीट घेतलेले कित्येक जण बाहेरच राहिले. यंत्रे तेथेही होती. आपल्या गोव्याने तर २०२५ च्या मे महिन्यात शिरगावच्या जत्रेत चेंगराचेंगरीत भाविकांचे बळी गेलेले पाहिले आहेत. गर्दी पुढे सरकत नाही आणि मागून येणे थांबत नाही, तेव्हा दोन-चार मिनिटांत काय होते हे आम्हास आता कोणी शिकवावयास नको. फोनमध्ये तिकीट न सापडणारी दहा माणसे दाराच्या अगदी तोंडाशी उभी असणे, ही धोक्याची पहिली पायरी आहे.

म्हणून तिकिटाची पहिली तपासणी क्रीडांगणाच्या दारावर नव्हे, तर त्याच्या बरीच अलीकडे, मोकळ्या जागेत व्हावयास हवी. आणि ज्याचे तिकीट अडले त्यास तेथेच बाजूला घेऊन, ओळखपत्र पाहून, विक्रीच्या यादीवरून छापील तिकीट देणारे टेबल असावयास हवे. यादी अगोदरच उतरवून ठेवलेली असावी, म्हणजे नेटवर्क गेले तरी काम अडणार नाही. फातोर्ड्याचे क्रीडांगण गोवा क्रीडा प्राधिकरणाचे, म्हणजे जनतेच्या पैशाचे आहे. ते सामन्यांसाठी देताना प्राधिकरणाने या गोष्टी करारातच घालाव्यात. संघाच्या सदिच्छेवर सोडू नयेत. रोख पैसे घेणारी एक खिडकी सामन्याच्या आदल्या दिवशी मडगावात, आणि जमल्यास पणजीतही, उघडी राहावी. तिकिटाचा काही ठरावीक वाटा तिच्यासाठी राखून ठेवावा. सारी तिकिटे जाळ्यावर संपल्यावर उघडलेली खिडकी ही चेष्टा होय.

राहता राहिला प्रश्न पैशाचा. ऑनलाइन तिकिटावर जे ‘सुविधा शुल्क’ आकारले जाते, त्यास महाराष्ट्र सरकारने चित्रपटगृहांसाठी घातलेली मनाई मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये रद्द ठरवली. सोय पुरवणाऱ्याने तिचे मोल घ्यावे, हे एक वेळ मान्य करू. परंतु सोय तिला म्हणतात, जी नाकारण्याची मुभा असते. जेथे दुसरी खिडकीच नाही तेथे तेच शुल्क प्रवेशाच्या किमतीत मिळवलेली वाढ ठरते, आणि फातोर्ड्याच्या खिडकीवर मिळणारे छापील तिकीट त्या शुल्कावाचून मिळाले पाहिजे.