छातीतले घंटावाले काका

बालमित्रांनो,

आज वाचायच्या आधी एक गंमत करू या. डाव्या हाताचा तळवा वर करा. मनगटावर, अंगठ्याच्या मुळाशी, उजव्या हाताची दोन बोटं अलगद टेकवा. लागली का नाडी? आता घड्याळ समोर ठेवा आणि बरोबर एक मिनिट ठोके मोजा.

तुमचे ठोके मोठ्या माणसांपेक्षा थोडे जास्तच भरतील. मोठ्यांचे शांत बसलेले असताना साधारण ६० ते १०० असतात. आपण मिनिटाला ७२ धरू. मग दिवसाचे किती? ७२ × ६० × २४ = १,०३,६८०! एका दिवसात लाखाच्या वर, आणि रविवारची सुट्टीसुद्धा नाही.

एवढं काम वेळच्या वेळी करवून घेतं कोण? शाळेत शिपाईकाका घंटा देतात आणि वर्गच्या वर्ग हलतात, हो ना? हृदयातही असे घंटावाले काका आहेत. हृदयाच्या उजव्या बाजूच्या वरच्या कप्प्यात पेशींचा एक छोटा पुंजका असतो. तो ठरावीक वेळाने विजेचा अगदी सूक्ष्म संदेश सोडतो. संदेश मिळताच वरचे दोन कप्पे आकुंचन पावतात. मग तो मधल्या थांब्यावर क्षणभर थबकतो आणि खालच्या दोन कप्प्यांकडे जातो. ते आवळले, की रक्त फुप्फुसांकडे आणि साऱ्या शरीरात ढकललं जातं. झाला एक ठोका!

पण काकाच थकले तर? किंवा संदेश वाटेतच अडला तर? ठोके मंदावतात, मध्येच चुकतात. मेंदूला पुरेसं रक्त मिळत नाही. डोळ्यांपुढे अंधारी येते, माणूस चक्कर येऊन पडतो.

स्वीडनच्या अर्ने लार्सन यांचं असंच झालं होतं. दिवसातून अनेकदा त्यांची शुद्ध हरपायची. त्यांच्या पत्नीने डॉक्टरांकडे हट्टच धरला. अखेर ८ ऑक्टोबर १९५८ रोजी डॉ. ओके सेनिंग यांनी रूने एल्मक्विस्ट या इंजिनिअरने बनवलेलं यंत्र लार्सन यांच्या शरीरात बसवलं. त्याचं आवरण ओतायला साचा कोणता वापरला होता, माहीत आहे? बुटाच्या पॉलिशची डबी! संपूर्ण शरीराच्या आत बसवलेला हा जगातला पहिला पेसमेकर. तो काही तासांतच बंद पडला; मग दुसरा बसवला. पुढे आयुष्यभरात लार्सन यांना वीसहून अधिक पेसमेकर लागले. पण ते जगले ८६ वर्षं! २००१ साली ते वारले, तेव्हा त्यांचे डॉक्टर आणि इंजिनिअर दोघेही हयात नव्हते.

आजचा पेसमेकर तळहातावर सहज मावतो. वजन जेमतेम २० ते ३० ग्रॅम. तो गळ्याच्या हाडाखाली, कातडीच्या आत बसवतात. त्याची बारीक तार शिरेतून थेट हृदयात जाते. हे यंत्र सतत पहारा देतं. ठोका वेळेवर पडला, तर ते गप्प. उशीर झाला, तर लगेच एक छोटा विद्युत संदेश धाडतं. त्यातली बॅटरी बरीच वर्षं पुरते. ती संपत आली, की डॉक्टर यंत्र बदलतात. हृदय फार जोरात धावत असेल, तर मात्र औषधं किंवा वेगळे उपाय लागतात, बरं का.

आमच्या शाळेतल्या चौथीच्या एका मुलाने मला हळूच विचारलं, “बाई, आजोबांच्या छातीत बॅटरी आहे. मी मिठी मारली तर मला शॉक बसेल?” बिचारा दोन आठवडे आजोबांच्या जवळच गेला नव्हता! मुलांनो, मुळीच शॉक बसत नाही. यंत्र टायटॅनियमच्या आवरणात पक्कं बंद असतं. जखम भरली, की खुशाल मिठी मारा. फक्त पहिले काही आठवडे त्या बाजूच्या हाताने त्यांना दप्तर उचलायला लावू नका. तार नीट रुजायला हवी. मोबाइल त्या बाजूच्या खिशात नको, यंत्रापासून निदान १५ सेंटिमीटर लांब हवा. आणि पेसमेकरचं कार्ड त्यांच्या पाकिटात आहे ना, ते तुम्ही बघा.

आता या आठवड्याचा गृहपाठ. घरातल्या सगळ्यांची नाडी मोजा आणि वहीत लिहा. रोज व्यायाम करणाऱ्या मोठ्यांचे ठोके कमी असू शकतात, घाबरू नका. पण आजी-आजोबांना वारंवार चक्कर येत असेल, ठोके पन्नासच्या खाली असतील, किंवा मध्येच चुकत असतील, तर “आता वय झालं” म्हणून कुणाला गप्प बसू देऊ नका. आई-बाबांना वही दाखवा आणि म्हणा, “डॉक्टरांकडे जाऊ, ईसीजी काढू.” कारण चक्कर कशाने येते, हे तपासल्याशिवाय कळत नाही.

आणि आईबाबा, मुलं हट्ट करू लागली, तर रागावू नका. लार्सनबाईंनीही हट्टच केला होता!

तुमच्या बाई