नक्षली कोण? आधी टेंभुर्णीला विचारा!

गोदीत पुरी मजुरी मागितली की मुकादम हसतो, "काय रे, नक्षली झाला का?" गावात गायरान मागा, तोच शब्द. न्याय मागा, तोच शब्द. शब्द कसला, बेडीच ती!

मग हिशोब करूच. २७ जुलै १९७८ ला विधिमंडळानं मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव केला. आठ दिवसांत, ४ ऑगस्टला, नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचीराम कांबळेला हालहाल करून मारलं. जातीनं मातंग, पण जयभीम सोडला नाही. त्याच्या हातात बंदूक नव्हती. वस्त्या पेटल्या, त्याला नाव दिलं 'दंगल'. अरे, दंगलीला दोन बाजू लागतात. इथं एक जाळत होती, दुसरी जळत होती! २५ नोव्हेंबर १९९३ ला नांदेडात गौतम वाघमारेनं स्वतःला पेटवून घेतलं, तेव्हा कुठं १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार.

२००६, खैरलांजी. चार मुडदे. लोक रस्त्यावर आले, तर तेव्हाच्या गृहमंत्र्यांना मोर्चात नक्षली दिसले. भीमा कोरेगावच्या खटल्यात आनंद तेलतुंबडेंना १४ एप्रिल २०२० ला, ऐन जयंतीला, स्वाधीन व्हावं लागलं. जुलै २०२५ ला 'कडव्या डाव्यां'साठी जनसुरक्षा विधेयक मंजूर झालं. आणि १ जून २०२३ ला नांदेडजवळच्या बोंढार हवेलीत, जयंती काढल्याच्या रागातून तरणा पोरगा भोसकला अशी फिर्याद आहे. त्या जातीच्या सुरीसाठी कुठलं विधेयक?

मग जंगलात जायचं? नाही दोस्तांनो, तेही ठणकावून सांगतो. किनवटच्या पलीकडं इंद्रवेल्लीत २० एप्रिल १९८१ ला पोलिसांनी गोंडांवर गोळ्या झाडल्या. जमिनीचं दुखणं खरंच होतं. पण गडचिरोलीत मेलं कोण? शिपाई आदिवासी, दलमचा पोरगा आदिवासी, खबऱ्या म्हणून कापलेलाही आदिवासी. ऑक्टोबर २०२५ ला भूपतीनं साठ जणांसह मुख्यमंत्र्यांपुढं शस्त्रं ठेवली. बंदुका जमा झाल्या. जमिनीचं काय?

बाबासाहेबांनी १९५६ ला काठमांडूत बजावलं होतं, दुःख तेच, पण रक्ताचा रस्ता बुद्धाचा नव्हे. १९६४ ला दादासाहेब गायकवाडांनी भूमिहीनांना घेऊन तुरुंग भरले, एक गोळी न झाडता. सरकारला घाम त्याचाच फुटतो.

म्हणून "आम्ही नक्षली नाही हो" म्हणत हात जोडू नका. १९७४ ला पँथर ह्याच भांडणात फुटली, कोण कम्युनिस्ट, कोण बुद्धिस्ट. शिक्का मारणाऱ्याला उलटं विचारा : सातबाऱ्यावर आमचं नाव कुठंय? पोचीरामाच्या रक्ताचा हिशोब कुठंय?

जयभीम!