चहा रेल्वेचा, हात कोणाचे?

साहित्याच्या अभ्यासकाने अधूनमधून न्यायालयीन निवाडेही वाचावेत. एखादे विशेषण माणसाच्या आयुष्याचे काय करू शकते, हे तिथे जितके उघडे दिसते तितके समीक्षेच्या ग्रंथांत क्वचितच दिसते. रेल्वेच्या कँटीनमधील कामगारांचा कायम नोकरीसाठीचा लढा हे त्याचे ठळक उदाहरण आहे.

१९९० साली एम. एम. आर. खान विरुद्ध भारत सरकार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयासमोर प्रश्न साधा होता: रेल्वेच्या आवारात, रेल्वेच्या भांड्यांत, रेल्वेच्या अनुदानावर, रेल्वेच्याच कर्मचाऱ्यांसाठी जो स्वयंपाक करतो तो रेल्वेचा नोकर की नाही? रेल्वेचे म्हणणे असे की, तो व्यवस्थापन समितीचा किंवा सहकारी संस्थेचा माणूस. न्यायालयाने हा पडदा बऱ्याच अंशी दूर केला. कारखाने अधिनियम, १९४८ नुसार २५० हून अधिक कामगारांच्या कारखान्यात कँटीन चालवण्याचे बंधन घालता येत असे. अशा वैधानिक कँटीनमधील कामगार रेल्वेचेच, असे ठरले. कायद्याची सक्ती नसतानाही रेल्वे बोर्डाच्या मंजुरीने चाललेल्या मान्यताप्राप्त कँटीनमधील कामगारही रेल्वेचेच ठरले. तिसऱ्या वर्गाला, म्हणजे मान्यता नसलेल्या कँटीनमधील कामगारांना, मात्र रिकाम्या हाताने परतावे लागले.

माझा आक्षेप इथे आहे. मान्यता कँटीनला मिळते, कामगाराला नव्हे. ती मागण्याचा अधिकार त्याला नाही आणि ती देणारा वा न देणारा त्याच्या श्रमाचा लाभार्थीच असतो. पहाटे चूल पेटवणे, दुपारच्या पाळीला जेवण वाढणे, खरकटी भांडी घासणे, यांत मान्यताप्राप्त आणि अमान्य असा फरक कोणत्या निकषावर करणार? प्रशासनाच्या फाइलीतील एका कागदाचा अभाव हा कामगाराचा दोष कसा ठरतो? पहिल्या दोन वर्गांना न्याय देणाऱ्या निवाड्याचे महत्त्व मला अमान्य नाही. पण त्याने श्रमाचे स्वरूप तपासण्याऐवजी शेवटी पाटीच तपासली.

यावर नेहमीचे उत्तर तयार असते: सार्वजनिक नोकरी ही सर्वांची आहे, मागच्या दाराने आलेल्यांना कायम केले तर रांगेत उभ्या असलेल्यांवर अन्याय होईल. उमादेवी प्रकरणातील २००६ च्या निवाड्याने या युक्तिवादाला घटनात्मक बळ दिले. तो क्षुल्लक नाही. समान संधी हे मूल्य कोण नाकारील? पण मागचे दार उघडले कोणी? कायम गरजेच्या कामासाठी जागा निर्माण करायची नाही, जाहिरात द्यायची नाही, कंत्राटदारामार्फत वर्षानुवर्षे काम करून घ्यायचे आणि माणसाने हक्क मागितला की त्याला भरतीचे नियम वाचून दाखवायचे! डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच बजावले की, दीर्घकाळ नियमित काम केलेल्यांचे न्याय्य दावे फेटाळण्यासाठी उमादेवीचा आधार घेता येणार नाही.

तरीही कायद्याची भाषा उलट्या दिशेला चालली आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेत कँटीनच्या बंधनासाठीची कामगारसंख्या १०० वर आली. स्वागतार्ह गोष्ट. पण त्याच संहितेने गाभ्याच्या कामात कंत्राटी मजुरांना मनाई करताना कँटीनचे काम सर्वसाधारणपणे गाभ्याबाहेर काढले. साफसफाई आणि पहाराही त्याच यादीत बसले. म्हणजे कँटीन अनिवार्य, पण कँटीनचा माणूस आनुषंगिक. जेवण हा हक्क, जेवण करणारा हा खर्च! गाभा आणि परिघ या संज्ञा आपण समीक्षेत किती सहजपणे वापरतो. इथे त्यांच्यामधल्या रेषेवर माणसाचे निवृत्तिवेतन, रजा आणि आजारपण टांगलेले आहे.

ही रेषा केवळ कायद्याने आखलेली नाही. शिजवणे, वाढणे, विसळणे ही कामे आपल्या समाजाने 'खऱ्या' कामात कधी धरलीच नाहीत. घरात ती बाईची, हॉटेलात ती पोऱ्याची. मराठीच्या वर्गात आपण नारायण सुर्व्यांचे 'माझे विद्यापीठ' (१९६६) शिकवतो, श्रमाच्या प्रतिष्ठेवर प्रश्न काढतो आणि तास संपल्यावर कँटीनमध्ये जाऊन नाव ठाऊक नसलेल्या माणसाकडे चहा मागतो. तो कोणाच्या हजेरीपटावर आहे, हे आपल्यापैकी किती जणांनी विचारले?

मागणी फार मोठी नाही. काम रोजचे असेल, ते संस्थेच्या आवारात आणि संस्थेसाठी चालत असेल, तर ते करणारा माणूस संस्थेचा. कंत्राटदार बदलतो, समिती बदलते, पाटी बदलते. चुलीपुढचा माणूस तोच राहतो. कायमपणाचा याहून सबळ पुरावा कोणता हवा?