बर्फाखालची पंधरा मिनिटे

हिवाळा आला की ज्येष्ठ मंडळींच्या बोलण्यात एक नवी काळजी डोकावू लागते. नातू किंवा नात स्कीइंगसाठी गुलमर्गला निघालेली असते आणि तीही देखरेखीखालचे उतार सोडून पलीकडच्या निर्जन बर्फात. ‘जाऊ द्यावे का?’ हे प्रत्येक घराने आपापले ठरवावे. निघण्यापूर्वी काय विचारावे, एवढे मात्र मी सांगू शकतो.

गुलमर्गचा गोंडोला अफरवट पर्वतावर ३,९०० मीटरांच्या वर नेतो. तेथील भुसभुशीत, ताजे बर्फ जगभरच्या स्कीपटूंना खुणावते. १ फेब्रुवारी २०२३ रोजी याच पर्वतावर हिमस्खलनात दोन पोलिश स्कीपटू दगावले. अशी स्खलने बहुधा ३० ते ४५ अंशांच्या उतारांवर होतात आणि पुष्कळदा स्कीपटूच्याच भाराने बर्फाचा थर सुटतो.

गाडला गेलेला माणूस थंडीने मरतो, असा समज आहे. प्रत्यक्षात बहुतेकांचा मृत्यू गुदमरून होतो. घसरण थांबताच बर्फ घट्ट बसते, हातही हलवता येत नाही आणि नाकातोंडापाशी उच्छ्वासाचीच हवा साचत जाते. पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत बाहेर काढलेले बहुसंख्य लोक वाचतात; त्यानंतर आशा झपाट्याने मावळते. इतक्या वेळात बचावपथक क्वचितच पोहोचते. जीव वाचवू शकतो तो जवळचा सोबतीच.

म्हणून नातवंडांना विचारावे: प्रत्येकाच्या अंगावर गाडलेल्याचा ठाव लावणारा ट्रान्सीव्हर आणि पाठीवर प्रोब व फावडे आहे ना? त्यांचा सराव झाला आहे का? त्या दिवशीचा हिमस्खलनाचा इशारा पाहणार ना? जाणता स्थानिक वाटाड्या सोबत आहे का? धोक्याचा उतार एकेकानेच ओलांडणार ना? यांतील एकाही प्रश्नाला उत्तर चाचरत आले, तर बेत पुढे ढकलण्याचा आग्रह जरूर धरावा.

आणखी एक प्रश्न: सीपीआर येते का? गुदमरलेल्याला छातीवरील दाबांसोबत तोंडाने श्वासही द्यावा लागतो. हे कौशल्य घरीही तितकेच मोलाचे. घरातले कोणी अचानक कोसळले, हाकेला ओ देत नसले आणि श्वास नीट चालत नसला, तर १०८ला फोन करावा व रुग्णवाहिका येईपर्यंत छातीच्या मध्यभागी मिनिटाला १०० ते १२० वेळा जोरकस दाब देत राहावे. नातवंडे सहलीपूर्वी हे शिकणार असतील, तर त्या वर्गाला आपणही त्यांच्यासोबत जावे.