डोळ्यातली बाहुली आणि हजेरीचे यंत्र

गेल्या महिन्यात आईला मोतीबिंदूच्या तपासणीला नेले होते. डॉक्टरांनी थेंब घातले, डोळे मिटून बसा म्हणाले. अर्ध्या तासाने पाहतो तर काय, बाहुल्या केवढ्या मोठ्या! परतताना कदंबाच्या बसमध्ये ती डोळ्यांवर पदर धरून बसली होती. "सगळं पांढरं पांढरं दिसतंय रे," म्हणाली.

उजेड-अंधाराने बाहुली लहानमोठी होते हे आपण शाळेत शिकलो. पण नुसता विचार केला तरी ती मोठी होते, हे मला बी.ए. होऊन कितीतरी वर्षांनी डॅनियल कानेमान यांच्या २०११ च्या पुस्तकात कळले. शिकागोच्या एकहार्ड हेस यांनी १९६० च्या दशकात हे दाखवले होते. तो लेख वाचून मिशिगन विद्यापीठात कानेमान आणि जॅक्सन बीटी कामाला लागले. माणसाला एकेक आकडा ऐकवायचा. आकडे वाढत जातील तशी बाहुली रुंदावते आणि तो ते परत म्हणू लागला की आकड्यागणिक आकसते. त्याहून कठीण खेळ म्हणजे ३८४६ ऐकायचे आणि प्रत्येक आकड्यात एक मिळवून ४९५७ म्हणायचे. करून बघा, घाम फुटतो!

मला सगळ्यात आवडली ती गोष्ट वेगळीच. काम झेपेनासे झाले की माणूस मनातल्या मनात हात टेकतो आणि बाहुलीचे रुंदावणे थांबते. बाहेर बसलेले संशोधक विचारायचे, आत्ता काम का सोडलेत? तो चकित! आणि साध्या गप्पा मारताना बाहुली जवळजवळ हलतच नाही. आमच्या कचेरीतल्या चहाच्या वेळेला ही शास्त्रीय मान्यता मिळाली म्हणायची.

आता मुद्द्यावर येतो. आमच्याकडे बोटाचा ठसा घेऊन हजेरी लागते. बोट आले म्हणजे कारकून आला. पण तो लक्ष देऊन काम करतो का, हे डोळ्यावर कॅमेरा लावून मोजावे असे उद्या कुणा साहेबाच्या मनात आले तर? हसू नका. कॅनडाच्या सरकारने १९६० च्या दशकात याच बाहुलीवर भिस्त ठेवून यंत्र करायला घेतले होते. तेही सरकारी नोकरांसाठी. कोण समलिंगी आहे ते चित्रे दाखवून, बाहुली मोजून ओळखायचे आणि त्याला नोकरीवरून काढायचे. कार्लटन विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट वेक यांची ही योजना. यंत्र कधीच धड चालले नाही. चित्रांचा उजेडच कमीजास्त होता, मग बाहुली कशामुळे हलली हे कळणार कसे? १९६७ मध्ये नाद सोडला. पण यंत्र नसतानाही चौकशा करून माणसे काढली गेली, आयुष्ये मोडली. पंतप्रधान ट्रुडो यांनी संसदेत माफी मागितली ती २०१७ मध्ये. फायली किती काळ पडून राहतात हे आम्हा कारकुनांना कोणी सांगायला नको.

माझे म्हणणे असे, की बाहुली 'किती' ते सांगते, 'का' ते सांगत नाही. डोक्याला ताण आला तरी ती मोठी होते, भीती वाटली तरी, काही आवडले तरी, औषधानेसुद्धा. आणि विचाराने पडणारा फरक साधारण अर्ध्या मिलिमीटरच्या आतबाहेरचा. उजेड-अंधारात तीच बाहुली दोनपासून आठ मिलिमीटरपर्यंत जाते! म्हणून प्रयोगशाळेत उजेड सारखा ठेवून, त्याच माणसाला पुन्हापुन्हा तपासून सरासरी काढतात. साहेब मागे येऊन उभा राहिला की माझीही बाहुली रुंदावत असेल. ती एकाग्रता म्हणून नोंदवणार काय?

डॉक्टरांच्या हातात हीच मोजणी मात्र सोन्यासारखी. डोक्याला मार लागून बेशुद्ध पडलेल्या माणसाच्या डोळ्यात बॅटरी मारतात, त्या डोळ्यावर जीव ठरतो. आता काही अतिदक्षता विभागांत ते हातात धरायच्या यंत्राने अचूक मोजतात. अजून बोलता न येणाऱ्या बाळांचे लक्ष कुठे आहे तेही संशोधक यावरून अभ्यासतात. तिथे मोजणारा माणूस मोजल्या जाणाऱ्याच्या बाजूचा असतो. कचेरीत तो कुणाच्या बाजूचा असेल?

आईचे ऑपरेशन पुढच्या आठवड्यात आहे. रजेचा अर्ज दिला आहे, अजून सही झालेली नाही.