गडांच्या मुलखात ‘विवेक’ दाखवा

भोर-वेल्ह्यात इतिहास नजरेसमोर उभा आहे. रायरेश्वर, रोहिडा, तोरणा, राजगड. आदिलशाहीची चाकरी सोडून शिवरायांच्या बाजूने उभे राहिलेले कान्होजी जेधे याच खोऱ्यातले, कारीचे. २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने वेल्हे तालुक्याला राजगड हे नाव देण्याचा निर्णय घेतला. आनंदच आहे. पण तोफखान्याचा इब्राहीम खान आणि आरमाराचा दौलतखान ही नावे शिवजयंतीच्या किती भाषणांत येतात?

गोविंद पानसरे यांनी ‘शिवाजी कोण होता?’ लिहून हा विसर मोडायचा प्रयत्न केला. फेब्रुवारी २०१५ मध्ये त्यांचा खून झाला. डॉ. दाभोलकर त्याआधीच, २०१३ मध्ये पुण्यात मारले गेले होते. या खुनांमागची मनोवृत्ती आनंद पटवर्धन यांनी ‘विवेक’ (२०१८) या माहितीपटात उघडी केली. केंद्राने परवानगी नाकारल्यामुळे केरळच्या महोत्सवात तो दाखवण्यासाठी २०१९ मध्ये उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागले.

पटवर्धनांना कोर्ट नवे नाही. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ १९९५ चा. तो दूरदर्शनने दाखवावा, हे सर्वोच्च न्यायालयाला २००६ मध्ये सांगावे लागले. ‘जंग और अमन’ मुंबई उच्च न्यायालयामुळे २००३ मध्ये विनाकात्री सुटला. हे माहितीपट एकांगी आहेत, असा आक्षेप असतो. एकांगी असतील तर दाखवा आणि खोडून काढा! बंदीची भाषा उत्तर नसलेला माणूस बोलतो.

आता थोडे आपल्या समाजाविषयी. ‘राम के नाम’ आपण डोक्यावर घेतला, कारण त्यात आपली वेदना होती. पण त्यात सलोख्याची बाजू घेणारे पुजारी लालदास १९९३ मध्ये मारले गेले, हे आपल्यापैकी कितीजणांना ठाऊक आहे? ११ जुलै १९९७ रोजी मुंबईच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहाजण मेले. त्या धक्क्याने शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. पटवर्धनांनी चौदा वर्षे खपून ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) केला. तो आपण पाहिला? ‘पितृ, पुत्र’मध्ये धर्माच्या आडून चालणाऱ्या पुरुषी सत्तेवर बोट ठेवले आहे. ते आपल्या घरांकडेही वळते, म्हणून त्याविषयी आपण गप्प आहोत काय? केवळ स्वतःवरच्या अन्यायाची चीड येणे म्हणजे न्यायाची चाड नव्हे.

न्यायालय परवानगी देईल, प्रेक्षक आपणच जमवायचे आहेत. येत्या शिवजयंतीला भोरमध्ये, वेल्ह्यात, गावोगावी पडदा लावा. मराठे, महादेव कोळी, बौद्ध, मुसलमान एकत्र बसवा. ‘विवेक’ दाखवा आणि नंतर तासभर भांडू द्या. शिवरायांचा इतिहास एवढ्याने बाटेल, इतका तकलादू नाही.