साक्ष नेमकी कुठे बिघडते?

२१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयानं लोकल बॉम्बस्फोट खटल्यातल्या सगळ्या बारा आरोपींना निर्दोष ठरवलं, तेव्हा आमच्या मंडळात दोन दिवस दुसरा विषय नव्हता. ११ जुलै २००६ च्या संध्याकाळी पश्चिम रेल्वेच्या लोकलमध्ये पाठोपाठ सात स्फोट झाले. पावणेदोनशेहून अधिक माणसं गेली. विशेष न्यायालयानं २०१५ मध्ये पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप दिली होती. आणि दहा वर्षांनी सगळेच सुटले! "मग स्फोट केले तरी कुणी?" एका मैत्रिणीनं तावातावानं विचारलं. प्रश्न रास्तच आहे. पण तो न्यायालयाला विचारून उपयोग नाही, मैत्रिणींनो. समोर जो पुरावा येतो, त्याचंच वजन न्यायाधीश करणार.

आणि समोर आलं काय? आरोपींना स्टेशनवर सोडल्याचं सांगणारे टॅक्सीवाले पुढे आले ते शंभराहून जास्त दिवसांनी. मागच्या महिन्यात दारावर आलेल्या बोहारणीचा चेहरा मला आज धड सांगता येणार नाही. इथे तर रोज शेकडो गिऱ्हाइकं पाहणारा माणूस. ओळख परेड घेतली, तर ती घेणाऱ्या अधिकाऱ्याला तेव्हा तो अधिकारच नव्हता, असं न्यायालयाला आढळलं. तीनच दिवसांनी, २४ जुलैला, सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की हा निकाल दुसऱ्या खटल्यांत दाखला म्हणून वापरता येणार नाही. सुटलेल्यांना मात्र परत आत घातलं नाही.

हा झाला एक प्रकार. साक्षीदार बोलतो, पण त्याच्यावर विश्वास ठेवता येत नाही. दुसरा प्रकार आपल्या जास्त ओळखीचा, म्हणजे फितूर साक्षीदार. १ मार्च २००२ रोजी वडोदऱ्यात बेस्ट बेकरी जाळली गेली, चौदा माणसं मारली गेली. २००३ मध्ये सगळे एकवीस आरोपी सुटले, कारण साक्षीदारांनी साक्ष फिरवली. त्यातली मुख्य होती बेकरीवाल्यांचीच तरुण मुलगी, जाहिरा शेख. मग ती म्हणाली, मी भीतीपोटी खोटं बोलले. सर्वोच्च न्यायालयानं २००४ मध्ये खटला महाराष्ट्रात नव्यानं चालवायला सांगितला. मुंबईत ती पुन्हा फिरली! तरीही इतरांच्या साक्षींवर २००६ मध्ये नऊ जणांना जन्मठेप झाली (पुढे उच्च न्यायालयानं २०१२ मध्ये त्यातल्या पाच जणांना सोडलं), आणि जाहिराला न्यायालयाच्या अवमानाबद्दल एक वर्षाची कैद. खोटं बोलली ते वाईटच. पण घरची माणसं गमावलेल्या त्या मुलीवर चहूबाजूंनी किती ओढाताण झाली असेल, हे कोर्टाच्या कागदात मावत नाही.

आपल्या गावात एवढं मोठं काही घडत नाही. पण साक्ष बिघडते ती अशीच. सासरी छळ होणाऱ्या मुलींबरोबर गेली पंधरा वर्षं मी पोलीस ठाण्यात आणि कोर्टात जाते. भिंतीला भिंत लागून असलेल्या शेजारणीला सगळं ऐकू आलेलं असतं. पहिल्या आठवड्यात ती डोळ्याला पदर लावून सांगते. तिच्या साक्षीची तारीख लागते तीन-चार वर्षांनी. तोवर तिचा मुलगा त्याच लोकांच्या ओळखीनं कामाला लागलेला असतो, नळ सामाईक असतो, नवरा म्हणत असतो, "आपल्याला काय करायचंय?" मग पिंजऱ्यात उभी राहून ती सांगते, "मला काही ऐकू आलं नाही, साहेब." कधी तर मुलीचा सख्खा भाऊच फिरतो, कारण धाकटीचं लग्न ठरायचं असतं.

याहून जास्त वाईट वाटतं ते खरं बोलणाऱ्या बाईचं. ती कोर्टात सांगते की रॉकेल ओतायची धमकी मी कानांनी ऐकली. समोरचा वकील पोलिसांपुढचा जबाब काढतो. त्यात धमकीचा शब्दच नाही! "म्हणजे हे तुम्ही आज पढवल्यावर सांगताय?" बाई गडबडते. तिनं सांगितलेलं असतं हो, पण लिहिणाऱ्यानं चार ओळींत आटोपलेलं असतं, आणि तिला वाचून कुणी दाखवलेलं नसतं.

म्हणून काही गोष्टी पक्क्या लक्षात ठेवा. जबाबासाठी बाईला पोलीस ठाण्यात बोलावता येत नाही. त्यांनी तिच्या घरी यायचं असतं. तपासात पोलिसांनी लिहिलेल्या जबाबावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते, त्यामुळे कोऱ्या कागदावर तर मुळीच करू नका. लिहिलेलं वाचून दाखवा म्हणा, राहिलेलं घालायला लावा. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत आणखी एक चांगली सोय झाली आहे. दहा वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी आणलेल्या साक्षीदाराचा जबाब मॅजिस्ट्रेटनं नोंदवायचाच आहे. आठवण ताजी असताना न्यायाधीशासमोर बोललेलं पुढे सहजासहजी फिरवता येत नाही. आणि एखादी फितूर झाली म्हणून तिची सगळी साक्ष वाया जात नाही. इतर पुराव्याशी जुळणारा भाग न्यायालय घेऊ शकतं.

राहिली भीती. सर्वोच्च न्यायालयानं ५ डिसेंबर २०१८ रोजी साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली. जिल्ह्याच्या समितीवर सत्र न्यायाधीश अध्यक्ष असतात, अर्ज त्यांच्याकडे करायचा. धोका किती आहे याचा अहवाल पोलिसांनी पाच कामाच्या दिवसांत द्यायचा. मग बंदोबस्त, कोर्टात ने-आण, बंद दाराआड साक्ष असं काय काय मिळू शकतं. आमच्या भागात असा अर्ज केलेली एकही बाई मला अजून भेटलेली नाही.

पण या योजनेत एक मोठी फट आहे. ती आहे सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांसाठी, शिवाय विनयभंगासारख्या काही गुन्ह्यांसाठी. हुंडाबळी त्यात बसतो. सासरचा छळ, म्हणजे जुनं ४९८-अ, बसत नाही, कारण त्याला शिक्षा तीन वर्षांपर्यंतचीच. म्हणजे मुलगी जिवंत असताना शेजारीण तिच्या बाजूनं बोलली, तर या योजनेत तिला संरक्षण नाही. मुलगी गेल्यावर बोलली, तर आहे.